घाटातला सदका

सुटी लागली की मुंबई, मुंब्रा, पनवेल, पुण्याहून गाड्या कोकणाकडे निघतात. ईद गावाला करायची असो, घरातले लग्न असो की आंब्याचे दिवस असोत, घाट लागला की गाडी एकदा तरी थांबतेच. चहा होतो, मुलांना पाय मोकळे करायला मिळतात आणि कठड्यावर रांगेने बसलेली माकडे दिसतात. मग बिस्किटांचा पुडा फुटतो, वेफर्सची पिशवी उघडते, केळी पुढे होतात. पोटाशी पिल्लू धरलेली माकडीण दिसली की गाडीतली दादी किंवा नानी हमखास म्हणते, "दे रे तिला काहीतरी, बेजुबान जनावर आहे, सवाब मिळेल."

यामागची भावना चांगलीच आहे. मुक्या जिवाला खाऊ घालावे, हे आपल्या घरांत लहानपणापासून शिकवले जाते. तहानलेल्या कुत्र्याला पाणी पाजणाऱ्या माणसाला अल्लाहने माफ केले आणि मांजरीला कोंडून उपाशी मारणाऱ्या स्त्रीला शिक्षा झाली, असे प्रेषित मुहम्मद (सल्ल.) यांनी सांगितले आहे. मदरशात जाणाऱ्या लहान मुलालाही या दोन्ही गोष्टी पाठ असतात. म्हणूनच या महिन्यात आम्ही जरा अवघड प्रश्न घेतला आहे. घाटातल्या माकडाला टाकलेले बिस्कीट हा सदका ठरतो का? आमचे उत्तर 'नाही' असे आहे. ते का, हे पटण्यासाठी आधी या प्राण्याची नीट ओळख करून घ्यावी लागेल.

माकड वेगळे, वानर वेगळे

उर्दूत बंदर आणि लंगूर, मराठीत माकड आणि वानर. दोन्ही भाषांनी हे दोन प्राणी वेगळे ओळखले, पण बोलताना आपण दोघांनाही एकाच मापाने मोजतो. कोकणात आणि सह्याद्रीच्या घाटांत जे तांबूस तोंडाचे, तपकिरी अंगाचे माकड दिसते, त्याच्या डोक्यावरचे केस मधोमध भांग पाडल्यासारखे चहूकडे पसरलेले असतात. जणू डोक्यावर टोपीच घातली आहे. म्हणून अभ्यासक त्याला टोपी माकड म्हणतात. याची शेपूट लांब असते आणि गालांत अन्न साठवायच्या पिशव्या असतात. फळ दिसले की ते भराभर गालांत भरायचे आणि सुरक्षित जागी जाऊन सावकाश चावायचे, ही त्याची रीत. खाता खाता ते बिया थुंकत जाते आणि त्या बियांतून जंगल पुढे सरकते.

वानराचे तोंड काळे, अंग राखाडी आणि शेपूट अंगापेक्षाही लांब. त्याचा मुख्य आहार पाला. पाला पचवण्यासाठी त्याचे पोट गाय-बकरीच्या पोटासारखे कप्प्यांचे असते आणि त्यात पाला आंबवणारे सूक्ष्म जीव राहतात. अशा पोटात पाव, बिस्कीट, साखर पडली की ती झपाट्याने आंबते आणि आम्ल वाढते. आपल्याला जो खाऊ वाटतो तो त्याच्या पोटाला मानवणारा नसतो.

आणखी एक गोष्ट फार थोड्या लोकांना माहीत आहे. टोपी माकड जगात फक्त आपल्या दक्षिण भारतात, म्हणजे साधारणपणे तापी आणि गोदावरीच्या दक्षिणेला आढळते. दुसऱ्या कोणत्याही देशात ते रानात राहत नाही. दिल्ली, आग्रा, सिमल्याची माकडे वेगळी. ती आखूड शेपटीची आणि अंगाने थोराड असतात, आणि हळूहळू दक्षिणेकडे सरकून टोपी माकडांच्या जागा घेत आहेत, असे पाहणीत दिसले आहे.

म्हणी मात्र या प्राण्याला वेडाच ठरवतात. मराठीत माकडाच्या हाती कोलीत येते, उर्दूत बंदराला आल्याची चव कळत नाही. वर्गात म्हणी शिकवताना मुले हसतात, आम्हीही हसतो. पण गेल्या काही वर्षांत अभ्यासकांनी जे पाहिले आहे, त्यावरून या प्राण्याला वेडा म्हणायची आमची तरी हिंमत होत नाही.

हात पुढे करायला कुणी शिकवले?

कर्नाटकातील बंदीपूरच्या जंगलातून मोठा रस्ता जातो. प्रवासी तिथेही थांबतात आणि माकडांना खायला देतात. तिथल्या टोपी माकडांवर अद्वैत देशपांडे, श्रीजाता गुप्ता आणि अनिंद्य सिन्हा यांनी केलेला अभ्यास २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांना असे दिसले की माणसाकडे खाणे आहे हे पाहून ही माकडे एक मंद, लांबवलेला आवाज काढतात, माणसाकडे तोंड करून बसतात आणि चक्क हात पुढे करतात. माणसाचे लक्ष आपल्याकडे आहे का, हेही त्यांना कळते. माकडे एकमेकांशी ज्या खुणांनी बोलतात, त्यांत असा पसरलेला हात अभ्यासकांना आधी दिसलेला नव्हता. तो त्यांनी माणसासाठी तयार केला.

याचा अर्थ थोडा थांबून लक्षात घ्यावा. एका रानटी प्राण्याने आपल्याला पाहून, आपल्या सवयी ओळखून, आपल्याशी बोलण्याची नवी खूण काढली. त्याने हे जंगलाच्या आत केले नाही, रस्त्याच्या कडेला केले. रस्ता त्याच्या घरातून गेला आणि तो रस्त्याप्रमाणे बदलला.

तमिळनाडूच्या अनैमलै डोंगरांत वालपराई नावाचे गाव आहे. आजूबाजूला चहा-कॉफीचे मळे आणि मध्ये मध्ये जंगलाचे उरलेले तुकडे. पुदुतोट्टम नावाच्या अशाच एका लहान तुकड्यात सिंहपुच्छ माकडे राहतात. हा प्राणी अतिशय दुर्मिळ. आयुष्य उंच झाडांच्या शेंड्यांवर काढायचे आणि जमिनीवर क्वचितच उतरायचे, असा त्याचा मूळ स्वभाव. पण दोन झाडांमध्ये रस्ता आला, झाडाला झाड लागेनासे झाले आणि ही माकडे खाली उतरली. आज ती रस्ता ओलांडतात, पेरू खातात, कॉफीची फळे खातात, वस्तीतल्या स्वयंपाकघरातही शिरतात. गाड्यांखाली माकडे मरू लागली, तेव्हा निसर्ग संवर्धन करणाऱ्या संस्थेने रस्त्यावरून झाडाला झाड जोडणारे झुलते पूल बांधले आणि रस्त्यावर राखण करायला माणसे ठेवली. माकडांनी ते पूल वापरायला सुरुवात केली.

थोडे दूरचे उदाहरण पाहू. पश्चिम आफ्रिकेत गिनी हा मुस्लिम बहुसंख्य देश आहे. तिथल्या बोसू गावालगतच्या टेकड्यांवर चिंपांझींचा एक लहानसा कळप राहतो. तिथले मानोन लोक या चिंपांझींना पवित्र मानत आले, म्हणून चहूकडे शेती झाली तरी हा कळप टिकला. १९७६ पासून जपानच्या क्योटो विद्यापीठाचे संशोधक त्यांचा अभ्यास करत आहेत. मोठा रस्ता ओलांडताना धट्टाकट्टा नर पुढे येऊन कानोसा घेतो, माद्या आणि पिल्ले मधून जातात आणि दुसरा नर शेवटी राहून सगळे पार झाले की नाही हे पाहतो. शेतात लावलेले तारेचे फास ओळखून ते मोडणारे चिंपांझीही तिथे पाहण्यात आले. एखादा नर गावातून पपई चोरून आणतो आणि मादीला देतो. दोन लहान भावंडांना हाताशी धरून रस्ता ओलांडणाऱ्या आईला पाहावे, तसेच हे दृश्य आहे.

बदलण्याची किंमत

इथपर्यंत वाचून कुणी म्हणेल, मग काय हरकत आहे? प्राणी हुशार आहेत, बदलत आहेत, त्यांचे बरे चालले आहे. पण गोष्ट इथे संपत नाही.

बोसूच्या त्याच कळपात २००३ साली सर्दी-खोकल्यासारखी साथ आली आणि एकोणीसपैकी पाच चिंपांझी दगावले. माणसाचे अनेक आजार त्यांना होतात, आणि माणसाच्या इतक्या जवळ राहिल्यावर ते होणारच. शेजारच्या जंगलाकडे जायची वाट तुटल्यामुळे बाहेरून नवे चिंपांझीही येईनासे झाले. तो कळप आता दहाच्याही आत आला आहे. इतकी हुशारी असून कळप वाचत नाही, कारण हुशारी रस्ता ओलांडायला पुरते, गेलेले जंगल परत आणायला पुरत नाही.

आपल्या टोपी माकडांचे काय? घाटात थव्याने बसलेली दिसतात म्हणून ती वाढत आहेत असे वाटते. म्हैसूर भागातील रस्त्यांच्या कडेला राहणाऱ्या टोळ्यांची तिथल्या अभ्यासकांनी वर्षानुवर्षे गणना केली. सुमारे २५ वर्षांत त्यांची संख्या निम्म्याहून अधिक घटली होती. एक मोठे कारण साधेच आहे. रस्ते रुंद करताना कडेचे जुने वड-पिंपळ तोडले गेले. ज्या झाडावर रात्री झोपायचे आणि ज्याच्या फळांवर दिवस काढायचे, तेच गेले. आज जागतिक यादीत हे माकड धोक्यात आलेल्या प्राण्यांमध्ये आहे. मुंबई-गोवा महामार्ग रुंद होताना दोन्ही बाजूंची जुनी झाडे कशी गेली, हे या रस्त्याने जाणाऱ्या प्रत्येकाने पाहिले आहे.

आता त्या कठड्यावरच्या माकडांकडे पुन्हा पाहावे. रानात फिरून, वीस प्रकारची फळे, पाने, किडे शोधत दिवस घालवायचा, हे त्यांचे मूळ जगणे. बिस्किटे मिळू लागली की टोळी रस्ता सोडत नाही. मग वळणावर येणाऱ्या गाडीखाली पिल्ले सापडतात. एका पुड्यासाठी टोळीत मारामाऱ्या होतात. माणसाच्या हातातून घेतलेले खाणे उद्या माणसाच्या हातातून हिसकावले जाते आणि मग एखाद्या लहान मुलाला नख लागते, दात लागतो. तेव्हा 'माकडे फार माजली आहेत' अशी तक्रार होते. ती का माजली, हे कुणी विचारत नाही.

शिवाय रानातल्या बिया पसरवणारा हा मजूर रस्त्यावर बसून राहिला, म्हणजे रानातले त्याचे कामही थांबले.

वाडीवाल्याचे दुःख

आपण घाटात थांबतो दहा मिनिटे. घाटाखाली ज्याची वाडी आहे, तो बारा महिने तिथेच असतो. त्याची बाजू न मांडता माकडांवर दया करा असे सांगणे आम्हाला योग्य वाटत नाही.

कोकणातल्या कोणत्याही गावात जाऊन विचारा. शहाळी कोवळी असतानाच फोडून टाकली जातात. आंब्याचा मोहोर ओरबाडला जातो, काजूची बोंडे बीसकट जातात, केळीचा घड घरात येत नाही, पपई पिकेपर्यंत झाडावर राहत नाही. परसातल्या पडवळ, दोडका, वालाच्या वेलांचे तर विचारूच नका. कौलारू घरावर टोळी उतरली की कौले फुटतात आणि पहिल्या पावसात घरभर गळती लागते. कित्येक घरांनी याला कंटाळून कौले काढली आणि पत्रे घातले. कित्येक बायकांनी परसात भाजी लावणेच सोडून दिले. ज्या घराला बाजारातून भाजी आणायची कधी गरज नव्हती, ते घर आता दोनशे रुपयांची भाजी पिशवीतून आणते. पंचनामा करायला आले तरी ओरबाडलेल्या मोहोराचे किती आंबे झाले असते, ते मोजणार कसे?

माकडे गावात का आली, याची दोन कारणे आम्हाला दिसतात. पहिले कारण डोंगराचे. खासगी जंगले ठेकेदाराला विकली गेली. ऐन, किंजळ, जांभूळ, उंबर, रायवळ आंबा, रानफणस अशी मिश्र झाडी उतरली आणि तिच्या जागी एकाच जातीची लागवड आली. कुठे काजू, कुठे हापूस. सिंधुदुर्गात दोडामार्गाच्या बाजूला रबर आले. काजूचा हंगाम दोन-तीन महिन्यांचा. उरलेले महिने माकडाने काय खावे? मिश्र जंगलात कोणते ना कोणते झाड कायम फळावर असते. वड-उंबरासारखी झाडे तर एकेक करून वेगवेगळ्या वेळी फळतात आणि टंचाईचा काळ भरून काढतात. ती झाडे लाकूड म्हणून किंमत नसलेली, म्हणून सर्वांत आधी जातात.

दुसरे कारण आपल्या घराचे. कोकणातल्या मुस्लिम मोहल्ल्यांत फिरताना कुलूप लावलेली घरे मोजावीत. कुणी कुवेतला, कुणी दुबईला, कुणी मस्कतला, मुलेबाळे शिक्षणासाठी मुंबईत. वाडी आहे, पण वाडीत माणूस नाही. पूर्वी दिवसभर कुणीतरी अंगणात असे, कुत्रा असे, पोरे गोफण घेऊन फिरत. त्यालाच राखण म्हणत. आता हापूसच्या मोठ्या बागांत नेपाळी राखणदार ठेवले जातात आणि लहान वाड्या ओस पडतात. माकडांना हे आपल्याआधी कळले. बंद घराच्या आवारातला नारळ, फणस आणि जाम त्यांनी आपले मानले. म्हणजे आपण त्यांच्या रानात शिरलो आणि आपल्या घरातून निघून गेलो, या दोन्ही गोष्टींशी ती जुळवून घेत आहेत. त्रास मात्र शेजारच्या वाडीवाल्याला होतो, जो अजून गावात टिकून आहे.

यावर सोपा उपाय कुणालाच सापडलेला नाही. एका गावातली माकडे पिंजऱ्यात धरून दुसऱ्या डोंगरात सोडली, तर ती त्या डोंगराखालच्या गावात उतरतात. आपला त्रास दुसऱ्याच्या दारात टाकणे झाले ते. हिमाचल प्रदेशात दीड लाखांहून अधिक माकडांची नसबंदी झाली, काही वर्षे काही भागांत त्यांना मारण्याचीही परवानगी होती, तरी तिथल्या शेतकऱ्याची तक्रार संपलेली नाही. नसबंदीचा काही उपयोग होत असेल. पण जोवर खाली फुकटचे खाणे आहे आणि वर खाण्याची झाडे नाहीत, तोवर टोळी खालीच राहणार.

तुमच्यासारख्याच उम्मती

पवित्र कुरआनातील सूरह अनआममध्ये पृथ्वीवर चालणाऱ्या प्राण्यांना आणि पंखांनी उडणाऱ्या पक्ष्यांना माणसांसारख्याच उम्मती म्हटले आहे. उम्मत हा शब्द आपण आपल्यासाठी किती आदराने वापरतो! तोच शब्द तिथे त्यांच्यासाठी आला आहे. कुटुंब, पुढारी, वाटून खाणे, पिल्लाला मध्ये ठेवून रस्ता ओलांडणे, हे सगळे पाहिले की हा शब्द नुसता अलंकार नाही हे कळते.

दहाव्या शतकात बसरा शहरात इख्वानुस्सफा नावाचे विद्वानांचे मंडळ होते. त्यांच्या ग्रंथांतील एका प्रकरणात प्राणी जिन्नांच्या बादशहापुढे माणसांविरुद्ध दावा दाखल करतात. आम्ही आमच्या भूमीवर सुखात होतो, माणसे आली, त्यांनी आमची जागा घेतली, आम्हाला पकडले, आमच्यावर ओझी लादली, अशी त्यांची फिर्याद. माणसे म्हणतात, आम्ही श्रेष्ठ आहोत, हे आमचे गुलाम आहेत. प्राणी एकेक मुद्दा खोडून काढतात. या प्रकरणाचे उर्दू भाषांतर मौलवी इकराम अली यांनी १८१० मध्ये कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजसाठी केले. उर्दू गद्याच्या सुरुवातीच्या पुस्तकांत ते गणले जाते. अखेरीस माणसाचा दावा टिकतो, पण तो ताकदीवर किंवा अकलेवर नाही. माणसाला मरणोत्तर जीवनात हिशेब द्यायचा आहे, त्याच्यात नेक बंदे आहेत, यावर तो टिकतो. म्हणजे ज्याच्याकडे अधिकार दिला, त्याच्याकडून हिशेबही घेतला जाणार. आपण त्यालाच अमानत म्हणतो.

आता सदक्याकडे येऊ. प्रेषितांनी (सल्ल.) सांगितले आहे की मुसलमानाने लावलेल्या झाडाचे किंवा पेरलेल्या शेताचे जे काही माणूस, पक्षी किंवा जनावर खाईल, ते लावणाऱ्यासाठी सदका ठरते. ही हदीस बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. काही लोक ती वाडीवाल्याच्या तोंडावर मारतात. माकडाने खाल्ले तर काय झाले, तुला सवाबच मिळाला, असे म्हणतात. हे आम्हाला पटत नाही. ज्याचे वर्षाचे उत्पन्न गेले, त्याला गप्प बसवायला हदीस वापरू नये. त्याने राखण करावी, जाळे लावावे, डबे वाजवावेत, भरपाई मागावी, हा त्याचा हक्क आहे. ही हदीस खरे तर आपल्यासारख्यांना काही सांगते, ज्यांच्याकडे जमीन आहे पण जे तिच्यावर पोट भरत नाहीत. सदका कशाने होतो, तर झाड लावल्याने होतो. पुडा फोडल्याने जो आनंद होतो, तो आपल्याला होतो. झाडाने जे पोट भरते, ते त्याचे भरते, त्याच्या जागी भरते, आणि खाली वाडीवाल्यालाही थोडा श्वास घ्यायला मिळतो.

प्रेषितांनी (सल्ल.) मदीनेच्या भोवतीचा ठरावीक प्रदेश हरम ठरवला. तिथली झाडे तोडायची नाहीत, तिथे शिकार करायची नाही. मराठी मुलखात गावांनी देवराया राखल्या, त्याही अशाच. आपल्या मोहल्ल्यांत अशी जागा कुठे आहे, असा प्रश्न पडला तर उत्तर जवळच आहे. आपली कब्रस्ताने. कोकणातल्या जुन्या कब्रस्तानांत आजही मोठमोठी झाडे उभी आहेत. वर्षातून एकदा शब-ए-बरातच्या आधी साफसफाई होते आणि त्या ओघात कधी कधी जुनी झाडेही 'पाला पडतो' म्हणून उतरवली जातात. गवत जरूर काढावे. उंबर, जांभूळ, वड यांना हात लावू नये.

आपल्या हातात काय आहे

घाटात गाडी थांबवली तर माकडांना पाहावे, मुलांना दाखवावे, टोळीत कोण पुढे चालतो, पिल्लू कुणाच्या पोटाला आहे हे ओळखायला सांगावे. खायला काहीही देऊ नये. उरलेले अन्न आणि पिशव्या तिथे टाकू नयेत, गाडीत ठेवाव्यात. दादी-नानींना हे समजावून सांगावे, आदराने सांगावे. त्या नक्की समजून घेतील.

माकडाचे पिल्लू कुणी विकत असेल किंवा पाळायला देत असेल तर घेऊ नये. ते आईला मारून किंवा तिच्यापासून तोडूनच आणलेले असते. टोपी माकड किंवा वानर पकडणे आणि पाळणे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे. एका चिमणीएवढ्या पक्षिणीची पिल्ले उचलून आणली गेली आणि ती घिरट्या घालू लागली, तेव्हा प्रेषितांनी (सल्ल.) ती पिल्ले परत ठेवायला लावली होती, हे लक्षात ठेवावे.

माकडाचा दात किंवा नख लागले तर हळद, चुना, तंबाखू काही लावू नये. वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे जखम धुवावी आणि त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात जाऊन रेबीजची लस घ्यावी.

सिंधुदुर्ग आणि गोव्याच्या सीमेवर राहणाऱ्या वाचकांनी एक गोष्ट विशेष जपावी. माकडताप हा आजार १९५७ मध्ये कर्नाटकातील क्यासनूरच्या जंगलात प्रथम ओळखला गेला आणि २०१६ मध्ये सिंधुदुर्गात बांदा परिसरात त्याची साथ आली. तो गोचिडीच्या चाव्याने माणसाला होतो. माकडेही त्याने मरतात. काजू वेचायला, लाकडे आणायला रानात जाताना अंगभर कपडे घालावेत, परतल्यावर आंघोळ करावी. रानात माकड मरून पडलेले दिसले तर हात लावू नये, आरोग्य केंद्रात आणि वनखात्याला लगेच कळवावे. मेलेले माकड ही आपल्याला मिळालेली आगाऊ सूचना असते.

गावात बंद घर असेल, तर आवारातल्या नारळ-फणसाची पाडणी करायला कुणाला तरी सांगून ठेवावे. पिकलेले फळ झाडावर आणि झाडाखाली तसेच सोडून देणे म्हणजे टोळीला शेजाऱ्याच्या दारापर्यंत आणून बसवणे. शेजाऱ्याचा हक्क आपल्या दीनमध्ये किती मोठा आहे, हे वेगळे सांगायला नको.

आणि शेवटचे काम पावसाळ्याचे. प्रत्येक जमातीने यंदा मिरग लागला की कब्रस्तानाच्या कडेला आणि वस्तीपासून दूर, डोंगराच्या बाजूला असलेल्या वक्फच्या जमिनीवर उंबर, जांभूळ, वड, रायवळ आंबा यांची रोपे लावावीत. वस्तीला लागून लावू नयेत, नाहीतर टोळी घराशेजारीच राहील. गुरांपासून वाचवण्यासाठी काट्यांचे कुंपण घालावे आणि पहिले दोन उन्हाळे पाणी घालायची जबाबदारी मोहल्ल्यातल्या मुलांवर वाटून द्यावी. ही झाडे फळाला यायला आठ-दहा वर्षे सहज जातील. लावणारे आपण असू किंवा नसू, खाणारे असतील, आणि झाड उभे आहे तोवर सदका चालू राहील. अल्लाह आपल्याला मुक्या उम्मतींचा हक्क ओळखण्याची आणि तो देण्याची तौफीक देवो. आमीन.